वाऱ्याची मोट

गेल्या वर्षी लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी आमच्या गॅलरीत वारा फार होता. पणत्या लावाव्या आणि दोन मिनिटांत त्या विझाव्या, असा खेळ चालला होता. माझी बारा वर्षांची नात हाताचा आडोसा धरून तीच पणती तिसऱ्यांदा पेटवत होती. शेवटी कंटाळून ती म्हणाली, "आजोबा, आत्ता इथे गेड असता ना, तर एक शब्द उच्चारला असता आणि हा वारा चिडीचूप झाला असता!"

"हा गेड कोण बाई?" मी विचारले. ती माझ्याकडे अशा कीवेने पाहू लागली, की जणू मी हनुमंत कोण म्हणून विचारले असावे. रात्री फराळ झाल्यावर तिने एक जाडजूड इंग्रजी पुस्तक माझ्या मांडीवर आणून ठेवले आणि बजावले, "आधी हे वाचा. मग आपण बोलू."

येथे वाचकांपाशी एक कबुली दिली पाहिजे. जादूच्या गोष्टींविषयी माझे मत फारसे अनुकूल नव्हते. लहानपणी 'अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी' मी अधाशासारख्या वाचल्या, हे खरे. पण पुढे टीकेचा व्यवसाय पत्करल्यावर मी असे म्हणू लागलो, की जेथे काहीही घडू शकते तेथे काही घडल्याला किंमत उरत नाही. नायक संकटात सापडला की लेखकाने झोळीतून एक मंत्र काढावा आणि त्याला सोडवावे. यात कसली कला आणि कसला संघर्ष? हे मत मी व्याख्यानांतून मांडले आहे, लेखांतून मांडले आहे, आणि टाळ्याही घेतल्या आहेत. नातीने दिलेल्या पुस्तकाने ते मत मला परत घ्यायला लावले. ते कसे, हे सांगण्यासाठी हा लेख.

पुस्तक होते अमेरिकन लेखिका उर्सुला ल ग्विन यांचे. या बाई 1929 साली कॅलिफोर्नियातील बर्कली येथे जन्मल्या आणि 2018 च्या जानेवारीत वारल्या. वडील आल्फ्रेड क्रोबर हे नामांकित मानववंशशास्त्रज्ञ, आई थिओडोरा याही लेखिका. निरनिराळ्या लोकांच्या चालीरीती, त्यांच्या कहाण्या, त्यांची दैवते यांची चर्चा ज्या घरात नित्य चाले, तेथे ही मुलगी वाढली. 'अर्थसी' नावाचे एक जग बाईंनी निर्माण केले. त्यात खंड म्हणून नाही. आहे तो अफाट समुद्र आणि त्यात विखुरलेली शेकडो बेटे. 1968 साली 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' ही पहिली कादंबरी आली, 1971 आणि 1972 मध्ये पुढच्या दोन आल्या. सर्वांना वाटले, त्रयी पूर्ण झाली. पण अठरा वर्षांनी, 1990 मध्ये, 'तेहानू' आली आणि 2001 साली एक कथासंग्रह आणि 'द अदर विंड' ही शेवटची कादंबरी. म्हणजे एकाच काल्पनिक जगाशी बाईंचा संसार तेहतीस वर्षे चालला. या तेहतीस वर्षांत त्या जगातल्या वाऱ्याचे काय झाले, एवढाच माझा विषय आहे.

बेटांचे जग म्हटले की वाऱ्यावाचून कोणाचेच चालत नाही. धान्य, मीठ, लोकर, बातमी, सून आणि शत्रू, सारे शिडाच्या होडीतून येणार. माझे आजोळ कोकणातले, खाडीकाठचे. मतलई वारा कधी सुटतो आणि खारा वारा कधी फिरतो, यावर तिथल्या माणसांचा दिवस ठरत असे, हे मी पाहिले आहे. वारा पडला की म्हातारा तांडेल नुसता बसून राही. चिडत नसे, बोलतही नसे. अर्थसीमध्ये अशा वेळी मांत्रिकाला बोलावतात. तो वाऱ्याला त्याच्या खऱ्या नावाने हाक मारतो आणि होडीच्या शिडात वारा भरतो. सभोवारचा समुद्र निवांत पडलेला असला तरी त्या एका शिडापुरता वारा! याला आपण मंत्रवारा म्हणू. बाईंनी त्यालाही नियम घातले आहेत. खरे नाव ठाऊक असल्याखेरीज कशावरही सत्ता चालत नाही. आणि मंत्रवारा एकदा उठवला की तो धरून ठेवावा लागतो, मांत्रिक थकला की वाराही पडतो.

आपल्या भाषेत अशक्य उद्योगाला 'वाऱ्याची मोट बांधणे' म्हणतात. गंमत अशी, की ही मोट एका महाकवीने खरोखरच बांधली आहे. होमरच्या 'ओडिसी'च्या दहाव्या सर्गात वाऱ्यांचा अधिपती इओलस हा ओडिसियसला बैलाच्या कातड्याची एक पिशवी देतो. तिच्यात सारे प्रतिकूल वारे कोंडलेले असतात. फक्त घराकडे नेणारा पश्चिमवारा तेवढा मोकळा ठेवलेला. दहाव्या दिवशी मायभूमी दिसू लागते, नायकाचा डोळा लागतो आणि आत सोनेनाणे असेल म्हणून सोबती पिशवी सोडतात! सारे वारे उसळतात आणि गलबत जिथून निघाले तिथेच परत जाऊन पडते. या कथेत दोष पिशवीचा नाही, लोभी सोबत्यांचा आहे. पिशवी नीट सांभाळली असती तर ओडिसियस सुखाने घरी पोचला असता, असेच वाचकाला वाटते. ल ग्विनबाई याच्या एक पाऊल पुढे जातात. त्या विचारतात, मुळात पिशवी बांधावी का?

हा प्रश्न पहिल्या कादंबरीत एका साध्या प्रसंगातून येतो. गेड हा गाँट बेटावरचा, शेळ्या राखणारा पोर. त्याच्या अंगी विलक्षण शक्ती आहे. शत्रूने गावावर हल्ला केला तेव्हा त्याने धुके बोलावून अख्खे गाव झाकले आणि वाचवले. ओगियन नावाचा थोर मांत्रिक त्याला शिष्य म्हणून पत्करतो. हा ओगियन असा, की ज्याने एकदा भूकंप शांत केला होता. गुरुशिष्य डोंगरातून चालले आहेत आणि पाऊस येतो. साधा मांत्रिकसुद्धा अशा वेळी दोन शब्द उच्चारून ढग बाजूला सारतो. मग तो ढग दुसऱ्या मांत्रिकाच्या डोक्यावर जातो, तो तिसऱ्याकडे ढकलतो, असे चालते. ओगियन काय करतो? तो पडेल तिथे पाऊस पडू देतो आणि स्वतः एका दाट झाडाखाली जाऊन आडवा होतो. बिचारा गेड चिंब भिजलेला, मनात चरफडतो आहे, की शक्ती वापरायचीच नाही तर ती मिळवायची कशाला?

माझ्या नातीचाही प्रश्न हाच होता. माझाही. आणि मला वाटते, ज्याच्या हाती थोडीशीही सत्ता आली आहे अशा प्रत्येकाचा हाच प्रश्न असतो.

याचे उत्तर लेखिका प्रवचन देऊन देत नाही, हे तिच्या कलेचे मर्म. ती गेडला रोक बेटावरच्या मांत्रिकांच्या विद्यालयात पाठवते. तिथल्या नऊ आचार्यांपैकी एकाचा विषयच वारा आणि हवामान हा आहे. गेड वारा शिकतो, आणि इतर सर्वांपेक्षा लवकर शिकतो. मग एका गर्विष्ठ सहाध्यायाच्या टोमण्याने डिवचला जाऊन, केवळ ईर्ष्येपोटी, मृतांच्या प्रदेशातून एका सुंदरीचा आत्मा बोलावतो. त्या फटीतून एक काळी छाया जगात शिरते. ती फट बुजवताना वृद्ध महामांत्रिकाचे प्राण जातात आणि छाया गेडच्या मागे लागते.

आता वाऱ्याची खरी करामत पहा. पुढे ही छाया टपून बसलेली असताना गेड आसऱ्यासाठी पुन्हा रोककडे निघतो. पण रोकभोवती एक राखणदार वारा आहे. अशुभाला तो बेटाजवळ येऊ देत नाही. गेडच्या मागे अशुभ लागलेले आहे, म्हणून तो वारा समोरून वाहू लागतो. त्याला स्वतःला मंत्रवारा येतो, तरी तो तिथे उपयोगाचा नाही. ज्या विद्यालयाने त्याला वारा शिकवला, त्याच विद्यालयाचा वारा त्याला दारातून परत पाठवतो. गलबत माघारी वळते. जादूच्या गोष्टीत काहीही घडू शकते आणि म्हणून कशालाच किंमत नाही, हे माझे जुने मत त्या पानावर गळून पडले. येथे जादू नायकाला सोडवीत नाही. जादूच त्याचा न्याय करते, आणि न्यायाधीशाच्या आसनावर वारा आहे.

शेवटी ओगियनच त्याला सुचवतो, की पळू नकोस, मागे वळ आणि जो तुझी शिकार करतो आहे त्याचीच शिकार कर. गेड आपल्या मित्रासह पूर्वेला, जेथे जमीन संपते त्याही पलीकडे जातो. आणि छायेला तिच्या खऱ्या नावाने हाक मारतो. ते नाव त्याचे स्वतःचेच असते. तिसऱ्या कादंबरीत हाच गेड महामांत्रिक झालेला आहे. तरुण राजपुत्राला बरोबर घेऊन तो दूरच्या प्रवासाला निघतो. जगातला सर्वांत समर्थ मांत्रिक, पण जगाचा वारा साथ देत असला तर तो मंत्रवाऱ्याला हात लावत नाही. आपण ओगियन झालो आहोत, हे त्याला कोणी सांगावे लागत नाही. वाचकाला ते शिडाकडे पाहून कळते.

टीकाकाराने केवळ वाहवा करून भागत नाही. मला यात दोन उणिवा दिसतात. पहिली अशी, की जगाचा तोल इतका नाजूक असेल आणि इथे वारा उठवल्यावर आणखी कुठे तरी त्याची भरपाई होत असेल, तर बेटाबेटांवरचे भाडोत्री हवामानमांत्रिक रोज हा व्यवहार करतात त्याचे काय? त्याचा हिशेब लेखिका कुठे मांडीत नाही. थोरांनी संयम पाळावा आणि लहानांनी पोटासाठी वारा विकावा, अशी ही विभागणी मला पूर्णपणे पटत नाही. दुसरी उणीव मोठी. रोकच्या विद्यालयात मुलींना प्रवेश नाही. गेडला पहिला मंत्र शिकवला तो त्याच्या चेटकीण मावशीने. पण तिची विद्या हलकी, अडाणी, असेच पहिल्या कादंबरीत गृहीत धरले आहे. नातीने हे माझ्याआधी हेरले होते. "आजोबा, मला तर रोकच्या दारातूनच परत पाठवलं असतं," ती म्हणाली. तिचे समाधान माझ्यापाशी नव्हते. ते लेखिकेपाशी होते. पण त्यासाठी तिला अठरा वर्षे लागली. 'तेहानू'मध्ये गेडची सारी शक्ती संपलेली आहे. तो पुन्हा शेळ्या राखतो, आणि कथा चालते ती एका मध्यमवयीन विधवेच्या आणि एका भाजून विद्रूप झालेल्या मुलीच्या आधाराने. स्वतःच उभारलेल्या घराची भिंत चुकीची होती असे वाटल्यावर ती पाडून पुन्हा बांधणारे लेखक फार थोडे.

आता मी ज्या ठिकाणाविषयी लिहायला कचरत होतो, तेथे आलो आहे.

अर्थसीमध्ये मेलेली माणसे एका कोरड्या प्रदेशात जातात. दगडांची एक बुटकी भिंत, तिच्या पलीकडे उतार. आकाशात तारे आहेत, पण ते मावळत नाहीत. रस्ते आहेत, घरे आहेत, माणसे आहेत. पण जे एकमेकांसाठी मेले ते प्रेमिक रस्त्यात समोरासमोर आले तरी ओळख देत नाहीत. तेथे यातना नाहीत, अग्नी नाही, यमदूत नाहीत. तेथे फक्त वारा नाही. सगळ्या पुस्तकभर शिडांत, झाडांत, केसांत खेळणारा वारा येथे आल्यावर एकदम थांबतो. मी पुष्कळ नरकांची वर्णने वाचली आहेत. पण इतक्या थोड्या साधनांत इतके भय निर्माण केलेले मला दुसरे आठवत नाही.

माझे वडील गेले तेव्हा मी उशाशी होतो. पंखा पुऱ्या वेगाने फिरत होता. तरी ते पुनःपुन्हा एवढेच म्हणत होते, "खिडकी उघड रे, वारा येऊ दे." खिडकी उघडीच होती. मी उठून ती आणखी उघडल्यासारखे करी आणि परत येऊन बसे. या गोष्टीला पुष्कळ वर्षे झाली. कोरड्या प्रदेशाचे ते वर्णन वाचताना मी पुस्तक मिटले आणि दोन दिवस उघडले नाही. नातीने विचारले, "आवडलं नाही का?" मी म्हटले, "आवडलं म्हणूनच."

तिसऱ्या कादंबरीपर्यंत हा कोरडा प्रदेश म्हणजे मरणाचे अटळ सत्य म्हणून उभा आहे आणि वाचक ते मान्य करतो. 'द अदर विंड'मध्ये मात्र लेखिका तेथेच बोट ठेवते. फुटके भांडे जोडणारा एक साधा मांत्रिक आहे, आल्डर नावाचा. त्याची बायको वारली आहे आणि रोज रात्री स्वप्नात तो त्या भिंतीपाशी जातो. पलीकडून मेलेली माणसे आम्हांला सोडवा म्हणून विनवतात. हळूहळू उलगडते ते असे. फार पूर्वी माणसे आणि ड्रॅगन हे एकच होते. माणसांनी वस्तूंची मालकी घेतली, ड्रॅगनांनी मोकळे आकाश घेतले. पण माणसांचे तेवढ्याने भागले नाही. प्राचीन मांत्रिकांनी, मेल्यावरही आपण उरावे म्हणून, ड्रॅगनांच्या प्रदेशाचा एक तुकडा बळकावला आणि भोवती मंत्रांची भिंत घातली. भिंत पुरी झाली आणि आतला वारा थांबला. तो कोरडा प्रदेश म्हणजे मरणाचे स्वरूप नव्हेच. ती माणसाने बांधलेली वाऱ्याची मोट आहे! मोट बांधता आली, पण आत वारा राहिला नाही.

शेवटी ती भिंत पाडली जाते. दगड जोडून जोडून उभारलेली ती भिंत उकलण्यात पहिला हात लागतो तो जोडारी आल्डरचा. मेलेली माणसे मोकळी होतात आणि नाहीशी होतात. मातीत, प्रकाशात, वाऱ्यात. या कादंबरीला 2002 साली 'वर्ल्ड फँटसी' पुरस्कार मिळाला, तरी ती मला सगळीकडे सारखी उतरलेली वाटत नाही. मधल्या भागात राजवाड्यातल्या मसलती फार लांबतात आणि जे पूर्वी एका शिडाच्या फडफडीने कळे, ते येथे पात्रांना बोलून दाखवावे लागते. काही जुन्या वाचकांना वाटेल, की तिसऱ्या कादंबरीतले ते भव्य भय लेखिकेने शेवटी सौम्य करून टाकले. मलाही क्षणभर तसे वाटले. पण नंतर लक्षात आले, की भय तेच आहे, फक्त त्याची जागा बदलली आहे. मरणाचे भय वाटू नये, तर मरणाला कुंपण घालण्याच्या हावेचे वाटावे. ज्या बाईंनी 1997 साली लाओत्सेच्या 'ताओ ते चिंग'चे स्वतःचे इंग्रजी रूपांतर प्रसिद्ध केले, त्यांनी आपल्या जगाचा शेवट असा करावा हे स्वाभाविकच होते.

माझ्यापुरते सांगायचे तर, त्या शेवटाने माझे एक ओझे हलके केले. वडिलांना जो वारा मी आणून देऊ शकलो नाही, तो आणून देणे कोणाच्याच हातात नव्हते. साहित्यकृतीची परीक्षा करताना असले खासगी हिशेब आणू नयेत, असे आम्ही शिकलो आणि इतरांना शिकवले. पण ज्या काल्पनिक जगातला वारा वाचकाच्या घरातली खिडकी हलवतो, ते जग खोटे म्हणण्याचे धैर्य आता माझ्यात नाही.

पुस्तक संपल्यावर मी नातीला म्हटले, "तुझा गेड आपल्या गॅलरीत आला असता तर त्याने वारा थांबवला नसता. पहिल्या पुस्तकातल्या पोराने कदाचित थांबवला असता, म्हाताऱ्याने नाही."

"मग त्याने काय केलं असतं?" ती म्हणाली.

मी उत्तर दिले नाही. या वर्षी वसुबारसेला ती पणत्या घेऊन गॅलरीत गेली. थोडा वेळ वारा कुठून येतो ते पाहिले, आणि सगळ्या पणत्या उचलून कोपऱ्यात, तुळशीच्या कुंडीमागे भिंतीला लागून ओळीने ठेवल्या. वारा तसाच होता. पणत्या रात्री उशिरापर्यंत जळत राहिल्या.